सातवं कुठं गेलं

धाकट्या नणंदेचं, रेणुकाचं, लग्न ज्या माघात झालं त्याच माघातली ही गोष्ट. लग्नाला आठ दिवस झाले होते आणि आम्ही परत सांगोल्याच्या पलीकडच्या माळावर, अर्धवट खणलेल्या विहिरीवर येऊन बसलो होतो. माझ्या तळहाताला हळदीचा रंग अजून होता. त्या हातात मी सात खडे धरले होते.

विहीर पंचेचाळीस फुटांवर गेली होती. खाली काळा पाषाण लागला होता. सकाळभर आमच्या माणसांनी पहारीनं त्यात सात भोकं पाडली होती. माझा नवरा मल्लाप्पा खाली एकटा होता. भोकांत सुरुंगाचे तोटे भरून, वर माती ठासून, तो वाती पेटवत होता. प्रत्येक वात मागच्या वातीपेक्षा चार बोटं लांब, म्हणजे बार एकामागून एक उडावेत आणि मोजता यावेत. शेवटची वात पेटली की तो काठावर बसवलेल्या यारीच्या बादलीत पाय टाकायचा, दोरी दोनदा हलवायचा, आणि यारीवाला सोपान त्याला वर खेचायचा.

तो वर आला, पळत माझ्याजवळ बाभळीमागं आला आणि मांडी घालून बसला. तळहात जमिनीवर पालथा ठेवला. नजर माझ्या खड्यांवर.

हे असं का, ते आधी सांगते.

मल्लाप्पाला ऐकू येईनासं झालं होतं. पंधरा वर्षं सुरुंग उडवत होता, त्यातली तीन वर्षं कान जात होते. आधी पाखरं गेली, मग पोरीचं रडणं गेलं, मग मी. हे फक्त मला माहीत होतं. टोळीत कुणी हळू बोलत नाही, विहिरीवर सगळे ओरडूनच बोलतात, ओठांवरून आणि हातांवरून त्याला बरंचसं समजायचं. बाराची गोष्ट वेगळी. टोळीत बार मोजायचं काम वात लावणाऱ्याचं. सात भरले तर सात ऐकू आले पाहिजेत. सहा आले तर एक तोटा दगडात तसाच जिवंत राहिला, त्या दिवशी खाली कुणी उतरायचं नाही. मल्लाप्पा म्हणायचा, जमीन हाताला सांगते की बार उडाला, पण एक उडाला का दोन ते सांगत नाही. म्हणून मी त्याच्यासमोर बसायची आणि प्रत्येक बाराला एक खडा डावीकडून उजवीकडं सरकवायची. लोकांना वाटायचं नवरा मोजतोय आणि बायको शेजारी बसून खडे खेळतेय.

त्याआधीच्या वर्षी आमच्याच नात्यातला एक जुना सुरुंगवाला, रामण्णा, बहिरा झाला. त्याच्या हातातली वात काढून घेतली आणि त्याला बायकांत खडी फोडायला बसवलं. पोरं त्याच्या मागं जाऊन डबा वाजवायची आणि तो वळत नाही म्हणून हसायची. ते बघून आल्यावर मल्लाप्पानं आमच्या पोरीच्या डोक्यावर माझा हात ठेवला आणि म्हणाला, "गिरजे, कुणाला सांगशील तर हिची शपथ." मी हो म्हणाले. ती तेव्हा सव्वा वर्षाची होती.

टोळीचे मुकादम होते माझे थोरले दीर, तिपण्णा. मी त्यांना भाऊजी म्हणते, पण ते मनात. थोरल्या दिराशी समोरून बोलायची रीत आमच्यात नव्हती. काही सांगायचं झालं तर मी जावेला, नागूबाईला सांगायची आणि ती त्यांना सांगायची. माणूस मोठा गमत्या. आमच्या लग्नात त्यांनी मल्लाप्पावर एक गोष्ट रचली होती. मल्ल्या सासऱ्यानं दिलेली सात गाढवं घेऊन निघाला. एका गाढवावर बसला, मोजली, तर सहा. खाली उतरून मोजली, सात. परत बसला, सहा. कोसभर असं करत गेला आणि रडत सासऱ्याकडं परत आला, म्हणाला, मामा, सहाच उरली, सातवं कुठं गेलं? सासरा म्हणाला, जावईबापू, बुडाखाली बघा.

खरं तर माझ्या बापानं दोनच गाढवं दिली होती आणि त्यातलं एक लंगडं होतं. पण मांडवात माणसं पोट धरून हसली होती. मीही हसले होते, पदराआड. माझा बाप तर सगळ्यांत जास्त हसला.

मग ती गोष्ट आमच्या टोळीची झाली. दुपारी बार झाले की विहिरीतला धूर निघेपर्यंत खाली जाता येत नाही. तेवढ्यात भाकरी खायची. भाऊजी हाताची पाच बोटं आणि दुसऱ्या हाताचं एक बोट वर करून विचारायचे, "मल्ल्या, सहाच भरली. सातवं कुठाय?" आणि मल्लाप्पानं म्हणायचं, "बुडाखाली बघ की, दादा." पहिली दोन वर्षं सगळे हसायचे. मग नवीन माणूस टोळीत आला तरच हसू यायचं, तेही तीन दिवस. मग भाऊजींनीच विचारायचं सोडलं. एकदा ते नागूबाईला म्हणालेले मी ऐकलं होतं, की गोष्टीत पुढं काय येणार ते माणसाला कळलं, की मग माणूस ऐकतच नाही, नुसता संपायची वाट बघतो.

मल्लाप्पाचं उलटं झालं. बाकीच्या बोलण्यात पुढं काय येणार ते त्याला कळायचं नाही. कुणी हसलं की तो माझ्याकडं बघायचा, मग उशिरा हसायचा. ही एकच गोष्ट अशी होती की जिचं अक्षरन् अक्षर त्याला न ऐकता ठाऊक होतं. त्यामुळं सांगणारा थकला आणि ज्याच्यावर होती तो ती धरून बसला. भाऊजींनी विचारलं नाही तर हाच बोटं वर करायचा आणि उत्तरही हाच द्यायचा.

रेणुकाच्या लग्नात वऱ्हाडासमोर त्यानं ती सांगितली. त्या लोकांनी ऐकलेली नव्हती. ते असे हसले, असे हसले, की नवरदेवाच्या मामाला ठसका लागला. मल्लाप्पाचा चेहरा मी इतका उजळलेला बरेच दिवस पाहिला नव्हता. त्या आनंदात तो विहिरीवर परतला आणि आठ दिवस रोज सांगत सुटला. सोपान यारीवाला नवा होता. पहिल्या दिवशी तो मोठ्यानं हसला, दुसऱ्या दिवशी दात दाखवले, चौथ्या दिवशी यारीला तेल घालायला उठून गेला.

आदल्या दिवशीच भाऊजी जरा चिडून म्हणाले होते, "मल्ल्या, बास कर की आता. त्यातला दम कवाच गेलाय." मल्लाप्पा हसला. त्याला वाटलं भाऊजी गोष्टच सांगताहेत.

तर मी खडे घेऊन बसले होते.

पहिला बार झाला. जमीन हलली, विहिरीतून दगडांचा फवारा उडाला. मी एक खडा सरकवला. दुसरा, तिसरा झाले. चौथा जरा उशिरा झाला. पाचवा. सहावा बार मोठा होता, आणि त्याला शेपूट होतं. दोन वाती चुकून बरोबर पोचल्या की असा आवाज येतो. मोठा दगड कडेवर आपटून परत खाली पडला तरी असाच येतो. मी थांबले. विहीर गप्प झाली. धूर वर येऊ लागला. मल्लाप्पा माझ्या हाताकडं बघत होता. मी सहावा खडा सरकवला, आणि त्याच्या मागोमाग सातवा.

का सरकवला, ते मला आजही नीट सांगता येत नाही. मला वाटलं दोन होते. वाटलं होतं, एवढंच.

मल्लाप्पानं मान हलवली, उठला, धोतर झटकलं. माणसं झाडांमागून बाहेर आली. बायकांनी भाकरीची फडकी सोडली. मी नागूबाईशेजारी बसले. मल्लाप्पा आमच्यापुढं उभा राहून विडी पेटवत होता.

विहिरीच्या पलीकडच्या काठावर भाऊजी उभे होते. मध्ये धूर. त्यांच्या मिशा दाट, ओठ झाकणाऱ्या, त्यात तोंडात तंबाखू. त्यांनी मल्लाप्पाकडं बघून हात वर केले. एका हाताची पाच बोटं, दुसऱ्याचं एक.

"मल्ल्या, मी सहाच मोजली. सातवं कुठाय?"

मी ऐकलं. सगळ्यांनी ऐकलं. आवाज गमतीचा नव्हता. भोकाचं विचारत होते ते.

मल्लाप्पानं सहा बोटं पाहिली. आपणहून भाऊजींनी बोटं वर केली त्याला वर्ष झालं असेल. तो किती खूश झाला ते त्याच्या खांद्यांवरूनच मला कळलं. विडी तोंडातून काढली आणि गडगडाट करून म्हणाला,

"सातवं? बुडाखाली बघ की, दादा."

आणि हसला. एकटाच.

भाऊजींनी जीभ टाळ्याला लावून चक् केलं. मान हलवली. "ह्याचं आपलं रोज त्येच," म्हणाले आणि तंबाखू थुंकून जेवायला आले. त्यांच्या जागी मी असते तरी तेच समजले असते. मोजणीत एखादा बार कमी आला तर मल्लाप्पाचं तोंड काळं पडायचं, दिवसभर तो कुणाशी बोलायचा नाही, हे साऱ्या टोळीला माहीत होतं. मोजणारा माणूस गंमत करतोय, म्हणजे सात झाले. आणि त्या गोष्टीत शब्द काय आहेत हे तर कुणी ऐकलंच नाही. दुसरं काहीही तो बोलला असता, शिवी दिली असती, तर कुणीतरी विचारलं असतं की म्हणजे काय रे. सोपान यारीवरून खाली बघत पाय हलवत होता. आठ दिवसांपूर्वी हेच ऐकून तो यारीवरून पडायचा बाकी राहिला होता.

धूर निघायला अर्धा तास लागतो. माझ्याकडं अर्धा तास होता.

मला बोलायचं होतं ते एवढंच, की सहावा बार मोठा होता, दोन होते का एक ते मला कळलं नाही. पण तू कशाला मोजत होतीस, असं कुणीतरी लगेच विचारलं असतं. मोजायचं काम त्याचं. मग त्याला काय झालंय? आणि तिथून सगळं निघालं असतं. मल्लाप्पा समोर बसून भाकरी मोडत होता. इतका निवांत, की मला रामण्णा खडीच्या ढिगावर बसलेला दिसायला लागला.

भाऊजी चार हातांवर बसले होते. त्यांच्याशी बोलता येत नव्हतं, पण नागूबाई माझ्या मांडीला मांडी लावून बसली होती.

"नागूबाई," मी म्हणाले.

"काय गं?"

ती माझ्याकडं बघत राहिली. तिच्या कपाळावर लग्नात लावलेलं मोठं कुंकू होतं, घामानं एका बाजूला ओघळलेलं.

"चटणी दे जरा," मी म्हणाले.

चटणी माझ्या भाकरीवर होती. तिनं एकदा भाकरीकडं पाहिलं, आणि आणखी थोडी वाढली.

मग बायका लग्नाच्या गोष्टी बोलत राहिल्या. रेणुकाच्या सासूचा आवाज कसा पुरुषासारखा आहे, मानाच्या लुगड्याचं सूत कसं विरलेलं निघालं. मीही बोलले. मला वाटलं भाऊजी जेवून एक डुलकी काढतील आणि तेवढ्यात मी मल्लाप्पाला बाजूला घेऊन हातानं समजावीन. पण विहिरीचा मालक दोन दिवसांनी बघायला येणार होता आणि भाऊजींना तोवर तळ साफ करायचा होता. त्यांनी तांब्याभर पाणी प्यायलं, मुंडासं आवळलं, पहार खांद्यावर टाकली. बारानंतर खाली पहिला उतरायचा तो मुकादम, सुटे दगड पहारीनं पाडून जागा निर्धोक करायला. ते बादलीत उभे राहिले आणि सोपाननं त्यांना खाली सोडलं.

मी उठले. विहिरीच्या काठापर्यंत गेले. खाली ते दगड बाजूला करत होते. वरून त्यांचं मुंडासं तेवढं दिसत होतं. हाक मारायला माझं तोंड उघडलं होतं, हे मी देवापुढंही सांगेन. पण काय म्हणून हाक मारायची ते मला सुचेना. मी त्यांना जन्मात हाक मारली नव्हती.

पहार दगडावर वाजली, एकदा, दोनदा. सोपान मला म्हणाला, वहिनी, मागं सरा, पाय निसटंल. मी मागं सरले. आणि बार झाला.

विहिरीतून पहिल्यासारखाच फवारा उडाला, पण त्यात मुंडाशाचं कापडही होतं.

मल्लाप्पा बाभळीखाली आडवा झाला होता. पाठीला जमीन हलली तशी तो उठून बसला. त्यानं माझ्याकडं पाहिलं. आधी दोन हात वर करून सात बोटं दाखवली, मग आणखी एक उघडलं, आणि बहिरा माणूस बोलतो तसं, सगळ्या माळाला ऐकू जाईल असं विचारलं,

"गिरजे, आठवा कुठला?"

पुढच्या गोष्टी लवकर झाल्या. बादलीतून जे वर आलं ते नागूबाईला बघू दिलं नाही. दुसऱ्या दिवशी पोलीस आले. त्यांनी मल्लाप्पाला विचारलं, त्याला काही कळेना, तो नुसता सात बोटं दाखवत राहिला. सोपान म्हणाला की भाऊजींनी सहा म्हटलं होतं खरं, पण ती त्यांची नेहमीची गंमत होती, रोजच चालायची. मग जमादारानं मला विचारलं, बाई, तुम्ही तिथंच होता, किती ऐकले? मी सात म्हणाले.

त्या विहिरीचं पहिलं तीस फूट काम दुसऱ्याच एका टोळीनं दोन वर्षांपूर्वी केलं होतं आणि दगड लागला म्हणून सोडून दिलं होतं. मग असं ठरलं की त्यांचा न उडालेला तोटा खाली राहिला असणार. तीस फुटांवरचा तोटा पंचेचाळीस फुटांवर कसा पोचला, हे कुणी विचारलं नाही. तसा कागद झाला. त्यावर माझा अंगठा आहे. पुढं पन्नाशी उलटल्यावर गावच्या दुपारच्या वर्गात मी अक्षरं शिकले, तेव्हा पेटीतून काढून तो कागद मी स्वतः वाचला. त्यात लिहिलंय, सदर बाईने सात आवाज स्पष्ट ऐकले.

जे लपवायला मी गप्प बसले ते पंधरा दिवसही लपलं नाही. नवा मुकादम आला, त्यानं मल्लाप्पाला पाठीमागून तीन हाका मारल्या, आणि वात काढून घेतली. नंतरची सगळी वर्षं तो माझ्या शेजारी बसून खडी फोडत होता. पोरं डबे घेऊन यायची. तो चिडायचा नाही. कधीतरी हातोडा थांबवून तो आठवा बार कुठून आला असेल ते मला समजावून सांगायचा. दगडात फट असेल, त्यांचा तोटा फटीतून खाली सरकला असेल. दर वेळी नवीन काहीतरी. शेवटी म्हणायचा, आपण तर सात मोजले होते. मी मान डोलवायची. नागूबाई समोर खडी फोडत असायची. तिनं मला कधी काही विचारलं नाही, आणि बोलावल्याशिवाय ती माझ्याशी कधी बोललीही नाही.

गाढवांची गोष्ट मल्लाप्पानं परत कुणाला सांगितली नाही. ती दादाची होती, असं तो म्हणायचा. त्या दुपारी आपण ती सांगितली आणि दादा तिच्यावर हसला नाही, एवढंच त्याच्या मनाला लागून राहिलं होतं. आपल्याला काय विचारलं होतं ते त्याला ठाऊकच नव्हतं.

एकदा मी सांगायचं ठरवलं. तो अंथरुणाला खिळला होता, पोरगी तिच्या सासरी, घरात आम्ही दोघंच. म्हटलं, आता कुणी काय काढून घेणार. मी त्याच्यासमोर बसले. त्याला वाचता येत नव्हतं, कानात ओरडून उपयोग नव्हता, हातच उरले होते. जमिनीकडं बोट दाखवलं, हात उडवून बार दाखवला. मग एका हाताची पाच बोटं आणि दुसऱ्याचं एक, अशी सहा वर केली आणि भाऊजींच्या मिशा दाखवल्या.

मल्लाप्पाचा चेहरा उजळला. कितीतरी वर्षांनी. दात नव्हते, आवाज उरला नव्हता. तो म्हणाला, "बुडाखाली बघ की, दादा," आणि हसत माझ्याकडं बघत राहिला, मी हसते का ते बघायला.

मी हसले.

माझे थोरले दीर तिपण्णा बारा फेब्रुवारी एकोणीसशे ब्याऐंशी रोजी दुपारी विहिरीत वारले. नागूबाई त्यानंतर नऊ वर्षांनी दिवाळीच्या आदल्या दिवशी गेली. माझा नवरा मल्लाप्पा गेल्या साली श्रावणातल्या दुसऱ्या सोमवारी सकाळी वारला. त्याला मी सांगितलं नाही.